प्रायव्हेट मेडिकल कॉलेजमध्ये इंटर्नशिपचा स्टायपेंड फक्त कागदावर मिळतो. तक्रार केली तर कम्प्लिशन, म्हणजे इंटर्नशिप पूर्ण झाल्याचं सर्टिफिकेट, अडवतील का?

अडवायची धमकी देतील, हे नक्की. आम्हालाही दिली होती. तरीही गप्प बसू नका.

माझी इंटर्नशिप २०२२ची. जॉइन व्हायच्या दिवशी अकाउंट्सच्या खिडकीत नवीन खात्याचं चेकबुक पुढ्यात ठेवलं. ‘बारा चेकवर सह्या करा, मग जॉइनिंग लेटर.’ तारीख कोरी, रक्कम कोरी. त्यानंतर दर महिन्याला मोबाईलवर दोन मेसेज यायचे. ११,००० जमा. तासाभरात ११,००० वजा. पहिल्या महिन्यात ते आले तेव्हा मी कॅज्युअल्टीत होते. वॉर्डबॉय नव्हता, म्हणून एका आजोबांची ट्रॉली मीच ढकलत एक्स-रेला नेत होते. लिफ्टची वाट बघताना मेसेज वाचला आणि डोळ्यांत पाणी आलं.

बाबा म्हणाले, “वर्षभराचाच प्रश्न आहे. शिकायला मिळतंय ना?” मिळतंच. पण रात्रभर रक्त काढणं, सॅम्पल लॅबला पोचवणं, सकाळी डिस्चार्ज कार्डं लिहिणं, हे आम्ही केलं नसतं तर हॉस्पिटलला त्यासाठी पगार देऊन माणूस ठेवावा लागला असता. मग तो स्टायपेंड मेहेरबानी कसा?

नियम तुमच्या बाजूने आहे. राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाच्या २०२१च्या इंटर्नशिप नियमांत स्टायपेंड द्यायचा, असं लिहिलेलं आहे. सप्टेंबर २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दिल्लीच्या आर्मी कॉलेज ऑफ मेडिकल सायन्सेसला इंटर्नना महिन्याला २५,००० रुपये द्यायला लावले. आपल्या सरकारी कॉलेजांतले इंटर्न २०१८च्या जूनमध्ये संपावर गेले, तेव्हा त्यांना ६,००० मिळत होते, म्हणजे दिवसाला दोनशे. पुढे ११,००० झाले, २०२४ मध्ये १८,०००. हे आपोआप झालेलं नाही.

आता तुमची भीती. कॉलेजच्या हातात एकच गोष्ट आहे, ती म्हणजे सही. कम्प्लिशनशिवाय मेडिकल कौन्सिलचं कायमचं रजिस्ट्रेशन नाही, हे त्यांना आपल्याहून चांगलं माहीत असतं. म्हणून प्रत्येक पोस्टिंग, म्हणजे एका विभागातली ड्युटी, संपली की त्याच दिवशी लॉगबुकवर युनिट हेडची सही घ्या. आमच्यातल्या दोघांनी तीन पोस्टिंगच्या सह्या साठवून ठेवल्या होत्या. त्यांना शेवटी फार फिरवलं.

एकट्याने जाऊ नका. आमच्या बॅचमधले सुरुवातीला नऊच जण तयार होते. पहिलं नाव कुणाचं, यावरच सगळे अडले. शेवटी एका मुलीने सुचवलं, सह्या गोलात करू. वर कोण, खाली कोण, कळायलाच नको. आठवड्यात त्या कागदावर ६४ सह्या झाल्या. डीन ऑफिसात आवक क्रमांकाचा शिक्का मारून पोच घेतली. प्रती वैद्यकीय शिक्षण संचालनालयाला आणि नाशिकला आरोग्य विद्यापीठाला स्पीड पोस्टाने पाठवल्या, सोबत प्रत्येकाचं बँक स्टेटमेंट. तोंडी तक्रारीला ‘तुमचा गैरसमज झालाय’ म्हणता येतं. जमा आणि वजा एकाच तारखेला दिसलं की तसं म्हणता येत नाही.

सातव्या महिन्यापासून वजाचा मेसेज यायचा थांबला. आधीच्या सहा महिन्यांचे ६६,००० मला अजून मिळालेले नाहीत, ते मी अजूनही मागते आहे. कम्प्लिशन मात्र बॅचमधल्या प्रत्येकाला मिळालं.

तुमच्याकडूनही कोरे चेक घेतले असतील, तर उद्याच बँकेत जाऊन ते नंबर लेखी देऊन थांबवा. आणि त्या अर्जाचीही पोच घ्या.