मका पोचला, रीत मागेच राहिली

लोकवनस्पतिशास्त्र, म्हणजे वनस्पती आणि माणूस यांच्या नात्याचा अभ्यास, या विषयावर वाचकांनी पाठवलेल्या प्रश्नांपैकी काही आज घेतले आहेत. आजी-आजोबांकडच्या माहितीबद्दल बऱ्याच जणांनी विचारलं होतं. ते उत्तर शेवटी आहे.

प्रश्न : लोकवनस्पतिशास्त्र म्हणजे औषधी वनस्पतींचा अभ्यासच ना?

औषधं हा त्याचा एक भाग झाला. दोरासाठी कोणता वाख, होडीला कोणतं लाकूड, रंग कोणत्या मुळाचा, दुष्काळात कोणता कंद खायचा, कोणत्या झाडाला कुऱ्हाड लावायची नाही आणि का, हे सगळं यात येतं. ‘एथ्नोबॉटनी’ हा शब्द १८९५ मध्ये अमेरिकी वनस्पतिशास्त्रज्ञ जॉन हर्शबर्गर यांनी पहिल्यांदा वापरला. त्यांच्यापुढे आदिवासी समाजांनी वापरलेल्या वनस्पती एवढाच विषय होता. आज शहरातल्या कुंडीतली तुळसही या अभ्यासात बसते. लंडनच्या क्यू उद्यानाने २०१६ मध्ये दिलेल्या आकडेवारीनुसार माणसाला काहीतरी उपयोग असल्याची नोंद ३१,१२८ वनस्पतिजातींबाबत आहे. त्यांतल्या १७,८१० औषधासाठी आणि ५,५३८ अन्नासाठी. एकच जात दोन्हीकडे मोजली गेलेली असू शकते.

प्रश्न : लोकांना विचारायचं आणि लिहून घ्यायचं, यात शास्त्र कुठे आलं?

नमुना घेतला की शास्त्र सुरू होतं. समजा, एका जाणत्या बाईंनी झुडूप दाखवून सांगितलं, “याचं मूळ उगाळून सुजेवर लावतात.” तेवढंच लिहून घेतलं तर हाती एक नाव येतं, वनस्पती येत नाही. म्हणून त्याच झुडपाची, त्यांच्यासमोर, फुलं किंवा फळं असलेली फांदी घ्यायची. वर्तमानपत्राच्या घडीत ती नीट पसरायची. एकदोन पानं मुद्दाम पालथी ठेवायची, कारण पानामागची लव आणि शिरा ओळख पटवायला लागतात. घड्यांची चळत दोन फळ्यांमध्ये आवळून बांधायची आणि ओलसर झालेले कागद बदलत राहायचे. आळस केला तर पानं काळी पडतात, बुरशी धरते. फुलाचा रंग आणि चिकाचा वास वाळल्यावर राहत नाही, तो जागच्या जागी वहीत उतरवायचा. मग ही फांदी जाड कागदावर चिकटवून, गाव, तारीख आणि सांगणाऱ्याच्या संमतीने बाकीचा तपशील लिहून वनस्पतिसंग्रहात जमा करायची. पन्नास वर्षांनी कुणाला ओळखीबद्दल शंका आली, तर तो कागद कपाटातून काढून तपासता येतो.

त्यानंतर मोजणी. एकच प्रश्न अनेकांना, एकमेकांच्या अपरोक्ष विचारायचा : तापावरच्या तुम्हाला ठाऊक असलेल्या वनस्पती सांगा. कोणती किती जणांच्या तोंडी आली, कोणती पहिल्यांदा आठवली, हे नोंदवायचं. एकाच माणसाने सांगितलेला उपयोग खोटा असतो असं नाही. पण ज्यावर एकमेकांना न ओळखणारी वीस माणसं एकमत होतात, तो आधी तपासायला घ्यावा.

प्रश्न : मका चुन्यात शिजवणं, कडू कसावा हा कंद किसून पिळून घेणं, अशा खटाटोपाच्या रीतींना खरंच काही अर्थ होता का?

हा प्रश्न वाचून मला फार बरं वाटलं, कारण या विषयाचा गाभाच त्यात आहे.

मेक्सिकोत बाल्सास नदीच्या खोऱ्यात सुमारे ९,००० वर्षांपूर्वी माणसांनी टिओसिंटे नावाच्या रानगवतापासून मका घडवला. टिओसिंटेचं कणीस करंगळीपेक्षा मोठं नसतं. दाणे मोजके, आणि प्रत्येक दाणा दगडासारख्या टणक कवचात. पिढ्यान्‌पिढ्या निवडून पेरत त्याचं भरलेलं कणीस झालं. पुढे त्या भागातल्या लोकांनी मक्याची एक रीतही बसवली : दाणे चुन्याच्या किंवा लाकडाच्या राखेच्या पाण्यात शिजवायचे, रात्रभर तसेच ठेवायचे, सकाळी चोळून साल काढायची, धुवायचे आणि मग वाटायचे. साल सुटते, पीठ चिकट होऊन थापता येतं, हे डोळ्यांना दिसत होतं. न दिसणारी गोष्ट अशी की मक्यातलं नायासिन हे जीवनसत्त्व बांधलेल्या स्थितीत असतं, आपल्या आतड्यांना ते सोडवून घेता येत नाही. चुन्यातला अल्कली ते सोडवतो.

कोलंबसानंतर मका युरोपात पोचला. दाणे गेले, पेरले, उत्तम उगवले. चुन्याची रीत मात्र समुद्रापलीकडेच राहिली. मका स्वस्त आणि भरपूर पिकणारा, त्यामुळे गरिबाच्या पोटात दुसरं फारसं काही जाईना. १७३५ मध्ये स्पेनमधल्या गास्पार कसाल या वैद्याने एका विचित्र रोगाचं वर्णन केलं : ऊन लागेल तिथली कातडी लाल होऊन खरखरीत होते, पुढे जुलाब, मग बुद्धिभ्रम आणि अखेर मृत्यू. इटलीत त्याला ‘पेलाग्रा’, म्हणजे खरबरीत कातडी, हे नाव पडलं. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला अमेरिकेच्या दक्षिण भागात या रोगाने हजारो माणसं नेली. तो संसर्गाने पसरतो, नासक्या मक्याने होतो, असं भलेभले डॉक्टर सांगत. जोसेफ गोल्डबर्गर या अमेरिकी डॉक्टरांनी १९१४ पासून काम करून दोष आहारातल्या उणिवेचा आहे हे दाखवलं, आणि ती उणीव नायासिनची हे कळायला १९३७ उजाडलं. कसालच्या नोंदीपासून दोनशे वर्षं. मक्याच्या मायभूमीत, जिथे चुना सुटला नव्हता, तिथे पेलाग्रा असा कधी पसरला नाही.

चुन्यात मका शिजवणाऱ्या त्या बायकांना नायासिन ठाऊक होतं का? नव्हतं. पण काय केल्याने माणूस धड राहतो हे ठाऊक होतं, आणि मी त्याला ज्ञानच म्हणते. बियाणं नेणाऱ्यांनी मका रांधणाऱ्या बाईला एक प्रश्न विचारला असता तरी किती जीव वाचले असते, हा विचार मला दर वेळी अस्वस्थ करतो.

कसाव्याचं थोडक्यात सांगते. कडू कसाव्यात लिनामारिन नावाचं द्रव्य असतं. कंद किसला की पेशी फुटतात, आतलं विकर लिनामारिनला भिडतं आणि सायनाइड मोकळं होतं. ते रस पिळल्याने, भाजल्याने निघून जातं. ॲमेझॉनच्या खोऱ्यात हा किस विणलेल्या लांब नळीत ठासतात आणि नळी ताणून पिळतात. तिला टिपिटी म्हणतात. आफ्रिकेत कसावा बरेच दिवस भिजवण्याची, वाळवण्याची रीत आहे. दुष्काळात किंवा युद्धात घाईने हे दिवस कमी केले आणि ताटात प्रथिनंही नसली, की कोंझो होतो : दोन्ही पाय कायमचे लुळे पडतात.

प्रश्न : आता प्रयोगशाळेत सगळं तपासता येतं. मग जुन्या माहितीची गरज काय?

प्रयोगशाळेला कुठे बघायचं आणि कसं बघायचं, हे कुणीतरी सांगावं लागतं. चीनमध्ये तू योयो यांचा गट १९६९ पासून हिवतापावर औषध शोधत होता. छिंगहाव, म्हणजे आर्टेमिसिया ॲनुआ, या वनस्पतीच्या अर्काचा गुण कधी यायचा, कधी यायचा नाही. चौथ्या शतकातल्या वैद्य ग हुंग यांच्या ग्रंथात तिच्याबद्दल एक ओळ होती : मूठभर छिंगहाव पाण्यात भिजवा, पिळा आणि रस प्या. उकळा असं तिथे लिहिलेलंच नव्हतं. तू योयो यांना त्यावरून सुचलं की उष्णतेने गुण जात असावा. त्यांनी सुमारे ३५ अंशांना उकळणाऱ्या ईथरमध्ये अर्क काढला. तो लागू पडला, १९७२ मध्ये त्यातून आर्टेमिसिनिन वेगळं झालं आणि २०१५ मध्ये तू योयो यांना नोबेल मिळालं. वनस्पतीचं नाव तर सगळ्यांनाच माहीत होतं. खरी माहिती ‘पिळा’ या क्रियापदात होती.

प्रश्न : वनस्पतीच आहे, पिढ्यान्‌पिढ्या वापरात आहे, म्हणजे निर्धोक असणारच ना?

नाही, आणि हे मला कळकळीने सांगायचं आहे.

१९९० च्या दशकाच्या सुरुवातीला बेल्जियममध्ये वजन उतरवण्यासाठी चिनी वनस्पतींच्या गोळ्या घेणाऱ्या स्त्रियांची मूत्रपिंडं निकामी होऊ लागली. शंभराहून अधिक जणींना हा त्रास झाला, पुढे काहींना मूत्रमार्गाचा कर्करोगही झाला. गोळ्यांत ‘फांग-ची’ नावाची वनस्पती असायला हवी होती. पण त्या नावाखाली बाजारात दोन परस्परांशी नातं नसलेल्या वनस्पती चालत : एक स्टेफानिया टेट्रांड्रा, दुसरी ॲरिस्टोलोकिया फांगची. गोळ्यांत दुसरी गेली. वर मी वाळवलेल्या फांदीचं एवढं पुराण का लावलं, ते यावरून ध्यानात येईल.

याची दुसरी बाजू अधिक अवघड आहे. ॲरिस्टोलोकियाच्या निरनिराळ्या जाती माणसं शेकडो वर्षं जाणूनबुजूनच वापरत आली होती, युरोपात बाळंतपणासाठीसुद्धा. मग कुणाच्या लक्षात कसं आलं नाही? कारण लोकांचा अनुभव लगेच घडणाऱ्या गोष्टी अचूक टिपतो : उलटी झाली, रक्त थांबलं, ताप उतरला. आज घेतलेल्या मुळीने दहा वर्षांनी मूत्रपिंड जातं, हा धागा घरातल्या कुणाला जुळवता येत नाही. तिथे दवाखान्यातल्या नोंदी आणि प्रयोगशाळाच हव्यात. ॲरिस्टोलोकिक आम्ल आज निश्चित कर्करोगकारक म्हणून वर्गीकृत आहे. पेलाग्राच्या वेळी लोकांचं बरोबर होतं, इथे नव्हतं. दोन्ही मान्य केल्याशिवाय हा अभ्यास प्रामाणिक होत नाही.

प्रश्न : अशा माहितीवर कंपन्या औषध काढतात, तेव्हा मूळ लोकांना काही मिळतं का?

बराच काळ काहीच मिळत नसे. कालाहारी वाळवंटातले सान लोक शिकारीवर जाताना भूक मारण्यासाठी हूडिया या निवडुंगासारख्या वनस्पतीचं खोड चघळत. दक्षिण आफ्रिकेच्या सरकारी संशोधन संस्थेने १९९० च्या दशकात त्यातल्या द्रव्यावर पेटंट घेतलं, सान लोकांना न विचारता. ओरड झाल्यावर २००३ मध्ये करार झाला आणि स्वामित्वधनातला ६ टक्के वाटा सान लोकांना द्यायचं ठरलं. पुढे ते औषध बाजारात आलंच नाही, त्यामुळे मोठी रक्कमही आली नाही. वनस्पती-प्राण्यांच्या आणि त्यांच्याविषयीच्या पारंपरिक ज्ञानाच्या वापराबद्दलचा २०१० चा नागोया हा आंतरराष्ट्रीय करार १२ ऑक्टोबर २०१४ पासून अमलात आहे. आधी संमती आणि मग लाभात वाटा, ही त्याची अट. माझ्या मते पैशाच्या वाट्याहून आधी विचारण्याची अट मोठी आहे, कारण तिच्यात नाही म्हणण्याचा हक्कही येतो.

प्रश्न : माझ्या आजीला पुष्कळ वनस्पती माहीत आहेत. ते सगळं कसं जपून ठेवू?

आजींची परवानगी घ्या. काही गोष्टी त्यांना चार लोकांत जायला नको असतील, त्या वेगळ्या वहीत ठेवा. मग त्यांच्या बोलीतलं नाव, जसं त्या उच्चारतात तसं, ध्वनिमुद्रित करा. ते प्रमाण भाषेत सुधारू नका. २०२१ च्या एका अभ्यासात २३६ आदिवासी भाषांमधले वनस्पतींचे १२,४९५ औषधी उपयोग पाहिले गेले. त्यांतले ७५ टक्क्यांहून अधिक केवळ एकेका भाषेतच ठाऊक होते. ती भाषा गेली की झाड उभंच राहतं, पण त्याचा उपयोग सांगणारं कुणी उरत नाही.

कोणता भाग, कोणत्या दिवसांत, ओला की वाळलेला, उकळून की कुटून, हे प्रत्येक वेळी विचारा. क्रियापदं त्यांचीच ठेवा : ठेचणं, उगाळणं, खलणं, चुरगळणं या चार वेगळ्या कृती आहेत. फुलाचा, फळाचा आणि पानाच्या दोन्ही बाजूंचा फोटो घ्या आणि जवळच्या महाविद्यालयातल्या वनस्पतिशास्त्राच्या शिक्षकांकडून ओळख पक्की करून घ्या. पोटात घ्यायच्या औषधांची मात्रा समाजमाध्यमांवर टाकू नका.

आणि त्यांना खुर्चीत बसवून यादी विचारू नका. त्यांच्याबरोबर चाला. माझ्या अनुभवात, घरात “आता काही आठवत नाही” म्हणणारी माणसं बांधावर पोचली की वाकून पान खुडतात, बोटांत चुरगळून आधी स्वतः वास घेतात, मग तुमच्या नाकापुढे धरतात आणि बोलू लागतात. ऋतू बदलला की त्याच वाटेने त्यांना पुन्हा घेऊन जा.