विचारा बिनधास्त: टोलेडो अर्ध्या दिवसात होतं का?

या वेळी टपालात टोलेडोच टोलेडो. माद्रिदला जाणारा प्रत्येक जण हाच प्रश्न विचारतोय असं वाटायला लागलंय, म्हणून सगळी पत्रं एकत्रच घेते.

प्रश्न: ताई, नवऱ्याची माद्रिदला तीन दिवस कॉन्फरन्स आहे आणि मी सासू-सासऱ्यांना घेऊन सोबत जातेय. एक सकाळ मोकळी आहे. हॉटेलवाले टोलेडोची पाच तासांची गाईडेड टूर सुचवतायत, बस, गाईड सगळं त्यात. सासूबाईंचे गुडघे दुखतात, सासऱ्यांना मात्र सगळं बघायचंय. टूर घ्यावी की आपलं आपण ट्रेनने जावं? (एक सूनबाई)

उत्तर: अगं, आधी त्या पाच तासांचा हिशोब करू. माद्रिद ते टोलेडो साधारण 70 किलोमीटर, बसने जाऊन-येऊन दोन तास गेले. मग नदीपलीकडच्या टेकडीवर, मिरादोर देल वाये म्हणतात तिथे, फोटोसाठी थांबणार, आणि तिथे थांबायलाच हवं कारण ताहो नदीने तीन बाजूंनी वेढलेलं अख्खं गाव तिथूनच एका नजरेत दिसतं. मग बहुतेक टूर एखाद्या कारागिराच्या वर्कशॉपमध्ये नेतात, म्हणजे दुकानात, तिथे अर्धा तास. हातात राहिले दोन-सव्वादोन तास, आणि त्यात एक गाव बघायचं जे आधी व्हिसिगॉथ नावाच्या जर्मनिक टोळीच्या राजांची राजधानी होतं, 711 मध्ये मुसलमानांकडे गेलं, 1085 मध्ये सहाव्या अल्फोन्सोने घेतलं आणि 1561 मध्ये दुसऱ्या फेलिपेने दरबार माद्रिदला हलवल्यावर जे जसं होतं तसं राहून गेलं. होतं का? होत नाही. पण त्यातलं काहीतरी एक नीट होतं, आणि ते कुठलं हे टूर कंपनीने नाही, तुम्ही ठरवायचं.

बुकिंगच्या आधी एकच प्रश्न विचार: कॅथेड्रलच्या आत नेणार का? हाफ डे टूरमध्ये बरेचदा उत्तर येतं "कॅथेड्रल बाहेरून". मी स्वतः पहिल्यांदा गेले तेव्हा हे विचारलंच नव्हतं, गाईडने छत्री उंच धरून दारासमोर दहा मिनिटं छान माहिती दिली आणि आम्ही सगळे माना वर करून मनोरा बघत पुढे गेलो, आत काय आहे ते मला दोन वर्षांनी पुन्हा गेल्यावर कळलं. 1226 ला सुरू केलेलं बांधकाम 1493 ला संपलं, एवढं ते प्रकरण मोठं. मुख्य वेदीच्या मागे अंधार पडायचा म्हणून 18व्या शतकात नार्सिसो तोमे नावाच्या माणसाने सरळ छताला भोक पाडलं, आणि त्या उजेडात देवदूत, ढग, किरणं अशी संगमरवराची नुसती उधळण केली. त्रान्सपारेन्ते म्हणतात त्याला. काहींना ते फार भडक वाटतं, मला आवडतं. आणि सॅक्रिस्टीत, म्हणजे धर्मगुरूंच्या कपडे करायच्या खोलीत, एल ग्रेको या चित्रकाराचं येशूची वस्त्रं उतरवतानाचं चित्र आहे, तो लाल रंग फोटोत कधीच तसा येत नाही.

मग टूर घ्यायचीच नाही का? घ्यायची, कारण सासूबाई. ट्रेनने गेलात तर माद्रिदच्या आतोचा स्टेशनवरून जेमतेम 33 मिनिटं लागतात हे खरं, पण टोलेडोचं स्टेशन खाली नदीच्या पलीकडे (स्टेशन स्वतः बघण्यासारखं आहे हं, रंगीत काचा आणि कमानीबिमानी) आणि गाव वर टेकडीवर, चालत गेलात तर वीस-पंचवीस मिनिटांची चढण, टॅक्सी किंवा सिटी बस लागणारच. टूरची बस गावाच्या तटबंदीच्या पायथ्याशी सोडते आणि तिथून वर जायला चक्क सरकते जिने आहेत, टेकडी पोखरून बसवलेले. एवढ्या जुन्या गावात सरकता जिना म्हणून मी आधी नाक मुरडलं होतं, भर उन्हात एकदा वर गेले आणि गप्प बसले. वरून मग साधारण सोकोदोवेर चौक, कॅथेड्रल, सांतो तोमे, ज्यू मोहल्ला आणि शेवटी सान मार्तिन पूल असं खाली खाली येतात, पण गुडघेवाल्यांना चढापेक्षा उतारच जास्त त्रास देतो आणि रस्ते सगळे गोट्यांचे, तेव्हा काठी आणि जाड तळव्याचे बूट याला पर्याय नाही.

आणि आता माझी युक्ती. टूरने जा, पण दुपारही मोकळी काढता आली तर टूरने परत येऊ नका. गाईडला आणि बुकिंग करतानाही सांगून ठेवा की आम्ही परतीच्या बसला नसू, नाहीतर बिचारे तुम्हाला शोधत बसतात. संध्याकाळच्या ट्रेनची परतीची तिकिटं आधीच काढा, त्या गाडीत सीट नंबरानेच बसायचं असतं आणि विकेंडला भरून जाते. बस गेली की सासूबाईंना कॅथेड्रलजवळच्या एखाद्या कॅफेत सावलीत बसवा, तू किंवा सासरे आळीपाळीने आत जाऊन या. शिवाय या टूर जेवणाच्या वेळेला माद्रिदला परत आणून टाकतात आणि स्पेनमध्ये दुपारचं जेवण दोनच्या आधी कुणी मनावरच घेत नाही, मग परत आल्यावर तुम्ही उपाशी आणि हॉटेलच्या किचनला घाई नाही. त्यापेक्षा टोलेडोतच जेवा. शाकाहारी असाल तर पिस्तो मांचेगो मागा, टोमॅटो, भोपळी मिरची, झुकिनी, कांद्याची भाजीच म्हणा, वर बरेचदा अंडं फोडून घालतात, नको असेल तर "सिन उएवो" म्हणायचं. हॅम कुठे कशात निघेल सांगता येत नाही, "सिन हामोन" हेही पाठ करून जा.

टूरमध्ये सांतो तोमेचं चर्च सहसा असतंच, आणि सासऱ्यांसाठी त्याची गोष्ट आधीच सांगते कारण गाईडला तिथे गर्दीत पाच मिनिटंच मिळतात. आत एकच चित्र बघायला लोक जातात, ओर्गाझच्या काउंटचं दफन. ओर्गाझ गावचा हा सरदार 14व्या शतकात वारला, तेव्हा स्वर्गातून दोन संत उतरले आणि त्यांनी स्वतः त्याला पुरलं अशी आख्यायिका. मरताना तो गावावर वर्षासन लावून गेला होता, की या चर्चला दरवर्षी एवढं एवढं द्यायचं. दोनशेहून जास्त वर्षांनी गावकऱ्यांनी ते देणं बंद केलं, इथल्या पाद्रीबाबांनी कोर्टात खेचलं आणि केस जिंकली! आणि मग सरदाराची आठवण पक्की राहावी म्हणून 1586 मध्ये एल ग्रेकोला चित्र सांगितलं. पुढची गंमत म्हणजे चित्र झाल्यावर किंमत ठरवायला तज्ज्ञ बसवले, त्यांनी 1200 डुकाट (तेव्हाची सोन्याची नाणी) सांगितले, पाद्रीबाबांना ते जास्त वाटले म्हणून दुसरे तज्ज्ञ आणले तर ते म्हणाले 1600. शेवटी 1200 वरच मिटलं. चित्रात खाली अंत्ययात्रेला उभे आहेत ते त्या काळचे टोलेडोचे खरे लोक, आणि डावीकडे पुढे जो मुलगा बोट दाखवतोय तो चित्रकाराचा मुलगा, त्याच्या खिशातल्या रुमालावर सही आहे आणि साल 1578, म्हणजे मुलाचं जन्मसाल. आत फोटो काढू देत नाहीत, तेव्हा तो रुमाल तिथेच शोधा.

प्रश्न: मी निवृत्त इतिहासशिक्षक. टोलेडोला तीन धर्मांचं शहर म्हणतात ते पाहायचं आहे. आमच्याकडे रविवार सकाळ किंवा सोमवार सकाळ एवढेच पर्याय आहेत. कुठला दिवस घ्यावा?

उत्तर: काका, दोन्हीत थोडं थोडं हुकतं. रविवारी सकाळी कॅथेड्रल प्रार्थनेसाठी असतं, पर्यटकांना दुपारनंतर सोडतात. सोमवारी एल ग्रेको म्युझियम आणि त्रान्सितोचं सिनेगॉग, म्हणजे ज्यूंचं प्रार्थनास्थळ, दोन्ही बंद. तुमचा विषय तीन धर्म असेल तर मी बेधडक रविवार सांगेन, कॅथेड्रल बाहेरून बघा आणि जीव सिनेगॉगमध्ये घाला.

त्रान्सितो 14व्या शतकातलं, पेद्रो राजाचा खजिनदार सामुएल हा-लेवी याने बांधून घेतलेलं. भिंतींच्या नक्षीत हिब्रू अक्षरं आणि अरबी अक्षरं शेजारी शेजारी आहेत, राजा ख्रिश्चन, देऊळ ज्यूंचं, आणि सजावट मुसलमानी पद्धतीची. तीन धर्म नांदायचे वगैरे आपण म्हणतो ते इथे डोळ्यांना दिसतं खरं, पण त्याच राजाने पुढे याच खजिनदाराला कैद करून छळून मारलं हेही लक्षात ठेवून बघा, आणि 1492 ला तर ज्यूंना देशाबाहेरच काढलं. गाईड लोक "सहजीवन" हा शब्द फार गोड करून सांगतात, तुम्ही शिक्षक आहात, थोडं खोदून विचारा, चांगला गाईड असेल तर तो खुलतो. जवळच सांता मारिया ला ब्लांका, पांढरेशुभ्र खांब आणि घोड्याच्या नालेसारख्या कमानी, बांधली सिनेगॉग म्हणून, दिसते मशिदीसारखी आणि नाव मेरीमातेचं. आणि मशीद बघायची तर गावाच्या दुसऱ्या टोकाला क्रिस्तो दे ला लूझ, केवढीशी, पण 999 सालची, आत नऊ छोटे घुमट आणि नऊही वेगळे. हाफ डे टूर तिकडे सहसा फिरकत नाही, तेव्हा गाईडने मोकळा अर्धा तास दिला की इतर लोक आइस्क्रीम खातात तेव्हा तुम्ही तिकडे पळा.

तुमच्यासाठी अजून एक. 12व्या शतकात इथे अरबीतून लॅटिनमध्ये भाषांतरं व्हायची, इटलीहून जेरार्ड नावाचा माणूस टॉलेमीचा खगोलावरचा ग्रंथ शोधत इथे आला, त्यासाठी अरबी शिकला आणि सत्तरच्या वर पुस्तकं भाषांतर करून बसला. त्याच्याही आधी, 11व्या शतकात, याच गावचा काजी साईद याने विज्ञान जोपासणाऱ्या जगातल्या लोकांची यादी केली, आणि पहिला नंबर दिला हिंदुस्तानच्या लोकांना! हे कुठल्या टूरमध्ये सांगत नाहीत, तुम्हीच गाईडला सांगा.

प्रश्न: टूरमधल्या वर्कशॉपमध्ये सोनेरी नक्षीचं पेंडंट घेतलं, नंतर गावातल्या दुकानांत तसंच निम्म्या किमतीत दिसलं. फसले का मी?

उत्तर: कदाचित हो, कदाचित नाही. दामास्किनादो म्हणतात या कामाला. पोलादावर बारीक बारीक ओरखडे काढायचे, त्यात सोन्याची तार किंवा पत्रा ठोकून बसवायचा, मग पोलाद काळं करायचं म्हणजे सोनं उठून दिसतं. हाताने केलेलं असेल तर रेषा किंचित वाकड्यातिकड्या असतात, दोन पेंडंट शेजारी ठेवली तर तंतोतंत जुळत नाहीत. यंत्रावरचं अगदी साचातून काढल्यासारखं एकसारखं, आणि स्वस्त. तुमचं भिंगाखाली धरून बघा. आणि पुढच्या जाणाऱ्यांसाठी सांगते, वर्कशॉपमध्ये काम करणाऱ्या माणसाच्या हाताकडे खुशाल बघत राहा, ते बघण्यासारखंच असतं, पण विकत घ्यायची सक्ती नसते, आणि गाईडने तोंड वाकडं केलं तर करू दे. तलवार मात्र घ्यायची झाली तर चेक-इन बॅगेत मावते का ते आधी मोजा. टोलेडोत तलवार न बघता कुणी परत येत नाही आणि केबिन बॅगेत ती कुणी नेऊ देत नाही. मला विचाराल तर मार्झिपॅन घ्या, बदाम आणि साखर, आपल्या बदामाच्या बर्फीची चुलत बहीण, सामानात फुटतही नाही.

प्रश्न: आमची मुलं 6 आणि 9 वर्षांची. टोलेडो की सेगोविया?

उत्तर: सेगोविया. रोमन लोकांनी चुन्याशिवाय, दगडावर दगड रचून उभा केलेला पाण्याचा पूल, 28 मीटर उंच, तिकीट नाही, रांग नाही, आणि पलीकडच्या टोकाला टोकदार बुरुजांचा किल्ला. टोलेडोत तुम्ही चित्रं बघाल आणि मुलं तुम्हाला "कधी जायचं" विचारतील. फक्त फास्ट ट्रेनचं स्टेशन सेगोविया गावाच्या बरंच बाहेर आहे, तिथून गावात यायला बस पकडावी लागते, ती ट्रेन आल्या आल्याच सुटते म्हणून डब्यातून उतरल्यावर मुलांना फोटोसाठी उभं करू नका.