वहीतलं आप्पांचं नाव

अमळनेर तालुक्यातल्या एका वडिलांचं पत्र आहे. मुलगी चोवीस वर्षांची, राज्यशास्त्र घेऊन बी.ए., 74 टक्के. नंतर दोन वर्षं पुण्यात क्लास. यूपीएससीची पूर्वपरीक्षा दोनदा दिली, दोन्ही वेळा तिथेच अडली. आता ती म्हणते परीक्षा पुरे, एम.ए. करायचं, आधुनिक भारतीय राजकीय विचार आणि ग्रामसभा यावर काम करायचं. वडील विचारतात : तिसऱ्या प्रयत्नाला वैकल्पिक विषय राज्यशास्त्रच ठेवावा की लोकप्रशासन घ्यावं, पुणे बरं की दिल्ली, आणि हे ग्रामसभेचं खूळ तिच्या डोक्यातून कसं काढावं.

रामराम आप्पा,

तुमचं चार पानी पत्र मी दोनदा वाचलं. दुसऱ्यांदा वाचताना पेन्सिलीने खुणा करत गेलो. ‘उमेदवार’ हा शब्द अकरा वेळा आलाय. ‘आंडेर’, म्हणजे आपल्या अहिराणीत लेक, एकदाच, आणि तोही ती पहिल्यांदा पुण्याच्या गाडीत बसली त्या ओळीत. त्यानंतर पत्रभर तुमची लेक उमेदवारच आहे. तिचे मार्क, तिचा खर्च, तिचा वर्ग, तिचे उरलेले प्रयत्न, सगळं तुम्ही नीट मांडलंय. तिला स्वतःला काय हवंय याला मात्र दीड ओळ मिळाली, आणि त्यातही ‘खूळ’ हा शब्द आलाच.

शेवटी तुम्ही लिहिता, ‘यंदा निकाल लागला नाही तर दिवाळीनंतर उरकून टाकू.’ लग्न उरकायचं म्हणता तुम्ही. आप्पा, हे वाक्य तुम्ही तिच्यासमोर बोलला असाल तर आधी ते मागे घ्या. पूर्वपरीक्षेत काही गुण कमी पडले म्हणून लग्न लावायचं, म्हणजे जन्मभर त्या संसाराकडे तिने शिक्षा म्हणूनच बघायचं. लग्नाचा विचार करायचा तर सवडीने आणि तिला विचारून करा. परीक्षेच्या निकालाला तो बांधू नका.

दुसरं, दोन एकर गहाण टाकायची तयारी आहे म्हणता. टाकू नका. बैलजोडी गेली, सोसायटीचं कर्ज थकलंय, एवढं पुरे झालं. या मुलांना घरचा आकडा तोंडपाठ असतो. काही वर्षांपूर्वी शिंदखेड्याकडचा एक मुलगा माझ्यासमोर बसला होता. पाचव्या प्रयत्नालाही काही हाती लागलं नाही, तेव्हा त्याने घरी फोन करून ‘मुख्य परीक्षा निघाली’ असं सांगून टाकलं. गावात पेढे वाटले गेले. मग त्याला गावी जायचीच भीती वाटायला लागली. अभ्यासात तो अजिबात कच्चा नव्हता. कुणाकडून किती उचललेत, किती टक्क्याने, हे मात्र त्याने मला राज्यघटनेच्या कलमांपेक्षा भरभर सांगितलं. तुमच्या मुलीने निदान खरं सांगितलंय. तोंडावर सांगितलंय. याची किंमत ओळखा.

आता ती ग्रामसभेत बसून नोंदी करते त्या वहीबद्दल. तुम्ही रागाने तिच्यातल्या ओळी उतरवून पाठवल्यात, आणि माझ्या दृष्टीने पत्रातला सगळ्यात मोलाचा मजकूर तोच आहे. म्हणून इथे देतो : ‘15 ऑगस्ट. गणपूर्ती नाही. सभा तहकूब. अर्ध्या तासाने पुन्हा सुरू. बायका 9, बोलली 1. सरपंचबाईंच्या शेजारी त्यांचे मालक, ठराव त्यांनीच वाचला. आप्पा : हजर, सही केली, बोलले नाहीत.’

‘बापाचंच नाव वहीत लिहून ठेवलं,’ असं तुम्ही पुढे म्हणता. तुम्हाला लागलं ते समजतं. पण तिने काय लिहिलंय ते पुन्हा बघा. तुम्हाला भित्रे म्हटलेलं नाही, सरपंचबाईंना नावं ठेवलेली नाहीत. जे दिसलं तेवढंच लिहिलं, आणि स्वतःच्या बापालाही त्यातून सूट दिली नाही. पंधरा टक्के मतदार किंवा शंभर, यांतला जो आकडा कमी तेवढे लोक ग्रामसभेला लागतात. तहकूब झालेल्या सभेला ती अट उरत नाही. म्हणजे लोक आले नाहीत तरी ठराव होतो, आणि आपल्याकडे हे किती सर्रास चालतं ते तुम्हालाही ठाऊक आहे. ही फट तिला कुणी शिकवलेली नाही. ती मागच्या रांगेत बसली, तिने घड्याळ बघितलं आणि डोकी मोजली. एम.ए.च्या दुसऱ्या वर्षाच्या मुलांचं लिखाण मी तपासतो, आप्पा. इतकी स्वच्छ नोंद फार थोड्यांना जमते.

एक गैरसमज मात्र तुमच्या पत्रात पहिल्या ओळीपासून आहे, आणि तुमच्या एकट्याचा नाही. राजकीय विचार म्हणजे परीक्षेतल्या टिपा, आणि कारभार म्हणजे अधिकारी करतात ते, दोन्हींचा एकमेकांशी संबंध नाही, असं लोक धरून चालतात. घटना समितीतलीच गोष्ट घ्या. गांधीजींना स्वराज्य खेड्यापासून उभं राहायला हवं होतं. 4 नोव्हेंबर 1948 ला घटनेचा मसुदा मांडताना बाबासाहेबांनी खेड्याचं हे कौतुक धुडकावून लावलं. खेडं म्हणजे अज्ञानाचं आणि संकुचितपणाचं आगर, अशा अर्थाचं ते बोलले, कारण खेड्यात दलिताच्या वाट्याला काय येतं हे त्यांना माहीत होतं. सभागृहातले बरेच जण नाराज झाले, आणि त्याच महिन्यात ग्रामपंचायतींचं कलम मार्गदर्शक तत्त्वांत आलं. तेच आजचं कलम 40. पण त्याला सक्ती नव्हती. महाराष्ट्राने 1961 चा कायदा करून 1 मे 1962 पासून जिल्हा परिषदा उभ्या केल्या, तरी ग्रामसभेला घटनेत जागा मिळायला 73 वी दुरुस्ती यावी लागली, 24 एप्रिल 1993 पासून. तिच्यातच बायकांच्या जागा राखीव झाल्या, आणि 2011 पासून आपल्या राज्यात त्या निम्म्या आहेत. म्हणून तुमच्या गावात सरपंचबाई आहेत. आणि बाबासाहेबांची शंका खोटी नव्हती म्हणून सरपंचबाईंच्या शेजारी त्यांचे मालक ठराव वाचतायत. 1948 चा तो वाद मिटलेला नाही. तुमच्या गावच्या ग्रामपंचायतीच्या हॉलमध्ये तो वर्षातून चार वेळा होतो, आणि तुमची लेक त्याची नोंद ठेवते.

तुम्ही स्वतः तर या विषयाच्या अगदी आत उभे आहात. तुमच्या पत्राच्या तिसऱ्या पानावर पाणंद रस्त्याची हकिगत आहे. रस्ता अडवलेला, कपाशी डोक्यावरून आणावी लागते, तलाठ्याकडे चकरा. खाली तुमचं वाक्य : ‘पोरगी कलेक्टर झाली की एका फोनवर रस्ता मोकळा.’ इथे मी थांबलो. सगळी धडपड याचीच आहे ना? शेतकऱ्याचं गाऱ्हाणं कचेरीत ऐकलं जायला घरात अधिकारी असावा लागतो, हे तुम्ही आयुष्यभराच्या अनुभवाने धरून बसला आहात. जोतीरावांनी ‘शेतकऱ्याचा असूड’ लिहिलं 1883 साली, ते याच दुखण्यावर : लेखणी ज्यांच्या हातात, ते कचेरीत शेतकऱ्याला कसे नाडतात. मुलीकडून ते पुस्तक मागून घ्या. ते तुमच्यासाठीच लिहिलंय.

आणि रस्त्याचं म्हणाल तर त्याला कलेक्टर लागत नाही. वहिवाटीचा रस्ता कुणी अडवला तर मामलेदार न्यायालय अधिनियम 1906, कलम 5 खाली तहसीलदाराकडे दावा होतो, मात्र अडथळा आल्यापासून सहा महिन्यांच्या आत. मुदत गेली असेल तर महसूल संहितेचं कलम 143 आहे, बांधावरून रस्ता मागता येतो. अर्ज मुलीला लिहायला सांगा. दोन वर्षांचा अभ्यास वाया गेला म्हणता, तो इथे कामाला येईल.

धडगावच्या मैत्रिणीकडे ती होळीला गेली आणि ‘तिथेही पाड्यावरच्या सभेत जाऊन बसली’ अशी तक्रार आहे. अहो, तिने फार योग्य केलं. धडगाव तालुका अनुसूचित क्षेत्रात, म्हणजे घटनेने वेगळ्या ठरवलेल्या आदिवासी भागात येतो. तिथे 1996 चा पेसा कायदा, म्हणजे अशा भागातल्या ग्रामसभांना जादा अधिकार देणारा कायदा लागू आहे, राज्याचे नियम 2014 चे, आणि एखादा पाडासुद्धा स्वतःची वेगळी ग्रामसभा मागू शकतो. तुमच्या गावची सभा आणि त्या पाड्याची सभा शेजारी शेजारी ठेवून बघायची, हा एम.ए.च्या प्रबंधाचा तयार विषय आहे. माझ्या विद्यार्थ्यांना असा विषय सुचवायला मला महिना लागतो. शिवाय खानदेशात बसून राजकीय विचार शिकायला लाज कसली? काँग्रेसचं खेड्यात भरलेलं पहिलं अधिवेशन आपल्या फैजपूरचं, डिसेंबर 1936 चं, आणि शेतसारा, खंड, कर्ज यांवरचा शेतीविषयक कार्यक्रम तिथेच मंजूर झाला. विनोबांची गीतेवरची प्रवचनं धुळ्याच्या तुरुंगात झाली, 1932 मध्ये, आणि ती उतरवून घेतली साने गुरुजींनी, तुमच्याच अमळनेरच्या शाळेत शिकवलेल्या माणसाने.

तुमचे मूळ प्रश्न. वैकल्पिक विषय कोणता, पुणे की दिल्ली, याचं उत्तर मी देणार नाही, कारण परीक्षा जिला द्यायची तिने ते विचारलेलंच नाही. यूपीएससीत हजाराच्या आसपास जागांसाठी नऊ-दहा लाखांच्या घरात अर्ज येतात. मनातून सोडलेली परीक्षा अशा गर्दीत निघत नाही. राज्यसेवेची मुख्य परीक्षा आता वर्णनात्मक झालीय. पुढे तिला वाटलं तर एम.ए. करता करता ती देता येईल.

एम.ए.साठी जळगावचं आपलं विद्यापीठ आहे, पुणे विद्यापीठाचा राज्यशास्त्र विभाग आहे. केंद्रीय विद्यापीठं आणि टाटा समाजविज्ञान संस्थेसाठी सीयूईटी-पीजी ही प्रवेश परीक्षा द्यावी लागते. अर्ज साधारण हिवाळ्यात निघतात, तेव्हा आतापासून लक्ष ठेवायला सांगा. टाटाच्या तुळजापूरच्या केंद्रात ग्रामीण विकासाचं शिक्षण आहे, तिचा कल बघता ते मला सगळ्यात जवळचं वाटतं.

नोकरीचं खरं सांगतो, लपवत नाही. प्राध्यापकीच्या भरवशावर एम.ए. करू नये. नेट-सेट या प्राध्यापकीच्या पात्रता परीक्षा होऊनही तासिका तत्त्वावर वर्षानुवर्षं राबणारे माझे विद्यार्थी आहेत, आणि त्या मानधनात घर चालत नाही. पण ग्रामसभा, वनहक्क, पाणी यांवर काम करणाऱ्या संस्था आणि संशोधन प्रकल्प यांना गावात बसून नोंद ठेवू शकणारी माणसं सहजी मिळत नाहीत. पेसा समन्वयकाची पदं निघतात, ती कंत्राटी असतात हेही ऐकून ठेवा. ग्रामपंचायत अधिकारी, म्हणजे आपला पूर्वीचा ग्रामसेवक, ही परीक्षा तिने अवश्य द्यावी. ही नोकरी हलकी समजू नका. ग्रामसभेचं इतिवृत्त कोण लिहितं? तोच लिहितो. अशा वहीची सवय असलेली मुलगी त्या खुर्चीत बसली तर एखाद्या गावाचं नशीब उघडेल, असं मला मनापासून वाटतं.

पुढचं पत्र तिला लिहू द्या. वही सोबत पाठवली तर उत्तमच, 15 ऑगस्टच्या आधीची पानंही मला बघायची आहेत.

आणि 2 ऑक्टोबरची ग्रामसभा आता फार लांब नाही. पाणंद रस्त्याचा विषय आजच लेखी द्या, पोच घ्या, विषयपत्रिकेत घ्यायला सांगा. सभेच्या दिवशी दोघं बरोबर जा. ती मागे वही घेऊन बसेल. रस्त्याचा विषय आला की तुम्ही उठून बोला.