टर्कीचं स्लॉपी जो कोरडं का होतं?

प्रश्न: नमस्कार ताई, आम्ही न्यू जर्सीत एडिसनला राहतो. मुलगा मित्राच्या घरी स्लॉपी जो, म्हणजे बनमध्ये भरलेला सॉसातला खिमा, खाऊन आला आणि तेव्हापासून घरी कर म्हणून मागे लागलाय. आमच्याकडे बीफ येत नाही, त्यात ह्यांचं कोलेस्टेरॉल वाढलंय म्हणून डॉक्टरांनी चरबी कमी करायला सांगितलीये, तर मी टर्कीचा खिमा आणला आणि रेसिपीतलं बाकी सगळं तसंच ठेवून केलं. खिमा कोरडा आणि रवाळ झाला, सॉस वेगळाच वाहत होता आणि चव नुसती गोड. मग पुढच्या वेळी आलं-लसूण, गरम मसाला घातला तर मुलगा म्हणतो, आई हा तर खिमा पाव आहे. हलकंही व्हावं आणि त्याला मित्राकडचं वाटावं असं काही जमेल का? आणि अजून एक, इथल्या एका डेलीत, म्हणजे सँडविचच्या दुकानात, स्लॉपी जो मागितलं तर गार, तीन थरांचं सँडविच आलं, ते काय असतं?

उत्तर: आधी डेलीचं सांगून टाकते. न्यू जर्सीच्या उत्तर भागात, साउथ ऑरेंजच्या आसपास, १९३०च्या दशकापासून स्लॉपी जो म्हणजे राय ब्रेडचे तीन पातळ स्लाइस, मधे गार मांसाचे दोन प्रकार, स्विस चीज, कोलस्लॉ आणि रशियन ड्रेसिंग. छान लागतं, पण तुमच्या मुलाला हवंय ते हे नाही. त्याला हवंय ते गरम, टोमॅटोच्या आंबटगोड सॉसातला खिमा बर्गरच्या बनमध्ये भरलेलं, खाताना हात बरबटणारं. त्याचं मूळ बरेच जण अमेरिकेतल्या आयोवा राज्यात सांगतात, तिथे १९२०च्या दशकात सुटा शिजवलेला खिमा बनमध्ये घालून विकायला लागले, मस्कटीन गावात १९२६ साली सुरू झालेलं मेड-राइट हे रेस्टॉरंट त्याच सँडविचसाठी ओळखलं जातं, फक्त त्यात टोमॅटोचा सॉस नसतो. पुढे १९६९मध्ये हंट्स कंपनीने मॅनविच नावाने डब्यातला तयार सॉस बाजारात आणला, आणि तुमच्या मुलाच्या मित्राकडे तोच डबा फोडला असण्याची बरीच शक्यता आहे.

आता मुद्द्याचं. बीफ काढून टर्की घातली की फक्त मांस बदलत नाही, चरबी जाते, आणि चरबीबरोबर चव आणि ओलावा दोन्ही जातात. ते दोन्ही दुसरीकडून आणायला लागतात. तुमच्या रेसिपीत ती जागा रिकामी राहिली म्हणून केचपची गोडी तेवढी वर आली, आणि ती जागा तुम्ही गरम मसाल्याने भरलीत म्हणून ते खिमा पाव झालं. खिमा पाव मलाही प्राणप्रिय आहे पण ह्या पदार्थाची चव वेगळी आहे, टोमॅटो, मोहरी, व्हिनेगर आणि थोडा धुरकट वास, आणि ती तशीच राहू द्यावी असं मला मनापासून वाटतं. पोराने एक चव लक्षात ठेवून मागितलीये, त्याला तीच मिळू दे.

सुरुवात दुकानापासून करा. पाकिटावर नुसतं ग्राउंड टर्की लिहिलंय म्हणून ते हलकं असेल असं समजू नका, त्यात काळं मांस आणि कातडीसुद्धा दळलेली असू शकते. आकडा बघा. ८५/१५ (म्हणजे १५ टक्के चरबी) लिहिलं असेल तर ११३ ग्रॅम कच्च्या खिम्यात म्हणजे एका माणसाच्या वाट्यात १७ ग्रॅम चरबी, ९३/७ असेल तर ८ ग्रॅम. नेहमीच्या ८०/२० बीफमध्ये तेवढ्याच वाट्यात २२-२३ ग्रॅम असते, म्हणजे ८५/१५ टर्कीने फार काही कमावलं नाही. दुसऱ्या टोकाला ९९ टक्के फॅट-फ्री, नुसत्या ब्रेस्टचं पाकीट मिळतं, ते मोह पडून घेऊ नका, स्लॉपी जोत ते हमखास कोरडं पडतं. ९३/७ घ्या. तुमच्या यजमानांच्या कोलेस्टेरॉललाही चालेल आणि जिभेलाही.

रवाळपणाचं कारण असं की कमी चरबीचं मांस तापलं की त्यातली प्रथिनं घट्ट आवळतात आणि पाणी बाहेर ढकलतात. ४५० ग्रॅमच्या पाकिटाला पाव टीस्पून खायचा सोडा एक टेबलस्पून पाण्यात विरघळवून हलक्या हाताने कालवा आणि १५ मिनिटं तसंच ठेवा. सोड्याने मांस तितकं आवळत नाही, पाणी धरून ठेवतं आणि तांबूसही लवकर होतं. पाव टीस्पूनच्या वर जाऊ नका, साबणासारखी चव येते.

दुसरी गोष्ट मश्रूम, आणि ह्यावर माझा फार भरवसा आहे. १५० ग्रॅम साधे बटण मश्रूम खिम्याएवढे बारीक चिरा, मिक्सरला दोनदा फिरवले तरी चालतील. चरबी गेल्यावर जो मांसल भरीवपणा हरवतो तो मश्रूममधून परत येतो, ओलावा येतो, आणि मुलांना ते आत आहेत हे कळतही नाही. शिवाय तेवढ्याच मांसात पाच-सहा बन होतात. मश्रूम नको असतील तर अर्धी वाटी मसूर डाळ वेगळी शिजवून घाला, पण गाळ होऊ देऊ नका, दाणा राहू दे.

मोठं, पसरट पॅन घ्या. एक टेबलस्पून तेल तापवा, त्यात आधी मश्रूम एकटेच टाका, पाणी सुटून आटेपर्यंत आणि कडा तांबूस होईपर्यंत परता. मग ते एका बाजूला सारून खिमा पसरा आणि दोन-तीन मिनिटं त्याला अजिबात हात लावू नका. आपल्याला टाकल्या टाकल्या कालथ्याने मोडत बसायची सवय असते, त्याने पाणी सुटतं आणि खिमा भाजायच्या ऐवजी वाफेवर शिजतो, पांढुरका राहतो. खालची बाजू नीट तांबूस झाली की मोडा. जे पाणी सुटेल ते ओतून टाकू नका, बीफच्या रेसिपीत चरबी गाळून टाका असं लिहिलेलं असतं ते इथे लागू नाही, आटवा.

मग एक मध्यम कांदा बारीक चिरून, अर्धी हिरवी ढोबळी मिरची, एक किसलेलं गाजर, तीन लसूण पाकळ्या. गाजर गोडीसाठी आहे, त्याने साखर कमी लागते. हे मऊ झालं की मधे जागा करून दोन टेबलस्पून टोमॅटो पेस्ट घाला आणि रंग गडद होईपर्यंत, साधारण दोन मिनिटं, तेलावर परता. ही पायरी कंटाळा येऊन टाळू नका, कच्ची पेस्ट आणि परतलेली पेस्ट ह्यात जमीन-अस्मानाचा फरक असतो. त्यावर एक टीस्पून स्मोक्ड पॅप्रिका, आणि मग सॉस: साधारण २२७ ग्रॅमचा मीठ न घातलेल्या टोमॅटो सॉसचा छोटा डबा, दोन टेबलस्पून केचप, एक टेबलस्पून वूस्टरशर सॉस, एक टीस्पून पिवळी मस्टर्ड (बाटलीतला मोहरीचा सॉस), अर्धी वाटी पाणी.

जुन्या रेसिपींमध्ये पाऊण कप केचप आणि वर ब्राउन शुगर असते. एका टेबलस्पून केचपमध्ये साधारण ४ ग्रॅम साखर असते, पाऊण कप म्हणजे १२ टेबलस्पून, म्हणजे ४८ ग्रॅमच्या आसपास साखर केचपचीच झाली. तुम्हाला नुसतं गोड लागलं ते ह्यामुळे. लोक मांस बदलतात आणि सॉस तसाच ठेवतात, मग हलकं केलं म्हणून समाधान करून घेतात, ते मला पटत नाही. वूस्टरशर सॉसमध्ये चिंच असते, तेव्हा तो संपला असेल तर अर्धा टीस्पून चिंचेचा कोळ आणि थोडा सोया सॉस घातला तर चव फार लांब जात नाही. त्यात अँकोव्ही मासेही असतात हे मासे न खाणाऱ्या पाहुण्यांसाठी लक्षात ठेवा.

मंद आचेवर १०-१२ मिनिटं, बस. बीफसारखं तासभर रटरटू दिलंत तर परत रवाळ. खिमा ७४ अंश सेल्सिअसपर्यंत, म्हणजे तुमच्याकडच्या थर्मामीटरवर १६५ फॅरनहाइट, गेला पाहिजे, पक्ष्याच्या मांसाला तेवढं हवंच. चमच्याने पॅनच्या तळाशी रेघ ओढली तर ती क्षणभर तशीच राहिली पाहिजे, मग सॉस वाहत नाही. गॅस बंद करून एक टीस्पून सायडर व्हिनेगर घाला, शेवटीच घाला, तो तजेला शिजवल्यावर राहत नाही. बन आतून कोरडेच भाजा. सोबत फ्राइजऐवजी पातळ चिरलेली कोबी दह्यात कालवून, आणि काकडीचं व्हिनेगरमधलं डिल पिकल, ते तर हवंच.

एक मोठी सूचना. अमेरिकन रेसिपीत चिली पावडर एक टेबलस्पून लिहिलेली दिसली तर आपलं लाल तिखट घालू नका! त्यांची चिली पावडर म्हणजे सौम्य मिरची, जिरं, ओरेगॅनो, लसूण ह्यांचं मिश्रण.

प्रश्न: ताई, आमच्या पुण्यात टर्की कुठे शोधणार, चिकनचं होईल का? आणि टोमॅटो सॉस घातला तर गोडमिट्ट होत नाही का? मुलीने व्हिडिओ बघून हट्ट धरलाय.

उत्तर: चिकनचं होतं आणि उत्तम होतं. चिकनवाल्याला कातडी काढलेलं लेगचं आणि ब्रेस्टचं मांस निम्मं-निम्मं घ्यायला सांगा, नुसतं ब्रेस्ट नको, आणि मशीनमधून एकदाच काढायला सांगा. धुवायचं असेल तर तुकडे असतानाच धुऊन निथळून घ्या, खिमा धुतला की तो पाणी पिऊन बसतो आणि मग भाजला जात नाही. बाकी सोडा, मश्रूम, सगळं वर दिलंय तसंच.

टोमॅटो सॉसचं तुमचं बरोबर आहे, आपल्याकडे त्या नावाने बाटलीतलं केचपच मिळतं आणि अमेरिकेत त्या डब्यात जवळपास नुसती शिजवलेली टोमॅटो प्युरी असते. तुम्ही प्युरीचं पाकीट वापरा किंवा चार लालबुंद टोमॅटो उकडून, साल काढून फिरवा. पेस्ट मिळाली नाही तर थोडी प्युरी आधीच तेलावर अगदी घट्ट होईपर्यंत आटवा. स्मोक्ड पॅप्रिका नसेल तर ढोबळी मिरची भरताच्या वांग्यासारखी गॅसवर भाजून, काळं साल काढून चिरा आणि रंगाला काश्मिरी मिरची पावडर घाला, धुरकट वास येतो. बनऐवजी लादी पाव खुशाल घ्या, फक्त बटर न लावता तव्यावर शेका आणि खिमा थोडा जास्त आटवा कारण लादी पाव मऊ असतो, पटकन भिजतो. कोथिंबीर-लिंबू मात्र आज नको.

प्रश्न: शाळेच्या डब्यात देता येईल का? बन भिजून लगदा होतो.

उत्तर: भरून देऊ नका. थर्मासच्या छोट्या डब्यात आधी उकळतं पाणी ओतून पाच मिनिटं ठेवा, ते फेकून कडकडीत गरम खिमा भरा आणि बन वेगळा कागदात द्या, मुलं स्वतः भरून घेतात आणि त्यांना ते आवडतंही. शिजवलेला खिमा दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये गेला पाहिजे, तिथे तीन-चार दिवस राहतो, आणि पिशवीत चपटा करून फ्रीझरला ठेवलात तर तीन महिने. गरम करताना दोन चमचे पाणी आणि थेंबभर व्हिनेगर घाला.