दारावर चिकटवलेला कागद

प्रश्न : यजमानांची नोकरी गेली आणि गृहकर्जाचे सात हप्ते थकले. सहकारी बँकेची साठ दिवसांची नोटीस आली, ती आम्ही घाबरून कपाटात ठेवून दिली. बारा दिवसांपूर्वी बँकेची माणसं ताब्याची नोटीस दारावर चिकटवून गेली. दीर म्हणतात, दिवाणी कोर्टातून स्टे आणू. घर लगेच सोडावं लागेल का?

उत्तर : ताई, अंक हातात पडेपर्यंत थांबायला तुम्हाला वेळ नाही, म्हणून हे उत्तर तुम्हाला आधीच कळवलं आहे.

वकिली सुरू करण्यापूर्वी मी बँकेच्या वसुली खात्यात होतो. असे कागद मी स्वतः चिकटवले आहेत. एकजण डिंक लावतो, दुसरा पंचनामा लिहितो, तिसरा दारासकट फोटो काढतो. त्यामुळे रागाच्या भरात कागद फाडून काही साधत नाही, फोटो फाईलला लागलेला असतो. पण हा ताबा सांकेतिक, म्हणजे फक्त कागदावरचा. किल्ली अजून तुमच्याच कमरेला आहे. तुम्हाला बाहेर काढायचं तर बँक सहसा सरफेसी कायद्याच्या (दिवाणी कोर्टात न जाता तारण मालमत्तेतून कर्ज वसूल करू देणारा कायदा) कलम १४ खाली जिल्हादंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करते, आणि त्यांच्या आदेशानंतर पोलीस बंदोबस्तात ताबा घेतला जातो. तेव्हा उद्या सकाळी बोचकं बांधायची गरज नाही.

दिरांना मात्र थांबवा. कलम ३४ नुसार दिवाणी कोर्टाला या विषयात हात घालता येत नाही. तिथे दावा लावून लोक महिने घालवतात आणि खरी मुदत निघून जाते. तुमचं दार आहे कर्जवसुली न्यायाधिकरण, म्हणजे डीआरटी. ताब्याच्या तारखेपासून ४५ दिवसांत कलम १७ चा अर्ज तिथे दाखल व्हायला हवा. तुमचे १२ गेले, ३३ उरले. पूर्वी या अर्जासाठी थकबाकीच्या ७५ टक्के रक्कम आधी भरावी लागे. सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये ती अट रद्द केली. इथे हरलात तर अपिलाला मात्र निम्मी रक्कम भरावी लागते, फार तर ती पाव हिश्श्यापर्यंत कमी होते. म्हणून जे काही म्हणायचं ते पहिल्याच अर्जात म्हणा.

आता कटू भाग. नोकरी गेली, हे डीआरटीत कारण म्हणून चालत नाही. तिथे बँकेची वागणूक तपासतात. खातं ९० दिवसांच्या थकबाकीनंतरच एनपीए, म्हणजे थकीत कर्जाचं खातं, केलं का? ताब्याची नोटीस सात दिवसांत दोन वर्तमानपत्रांत, त्यातलं एक स्थानिक भाषेतलं, छापली का? (साठ दिवसांच्या नोटिशीला तुम्ही लेखी हरकत घेतली असती, तर १५ दिवसांत कारणांसह उत्तर देणं बँकेला भाग होतं. ती संधी कपाटात राहिली.) शिवाय स्थगिती मिळाली तरी बहुधा ‘इतके पैसे इतक्या दिवसांत भरा’ या अटीवर मिळते. दागिने, भविष्य निर्वाह निधी, जे असेल त्याचा हिशेब आजच मांडा. बेकारीची कहाणी बँकेत सांगा, तडजोडीच्या बोलणीत तिला वजन असतं. एखादा हप्ता भरून मात्र खातं सुरळीत होत नाही, सगळी थकबाकी भरावी लागते.

आणि लिलावाच्या जाहिरातीवर लक्ष ठेवा. पूर्वी विक्री होईपर्यंत पैसे भरून घर सोडवता येई. २०१६ च्या दुरुस्तीनंतर हा हक्क जाहिरात छापून येण्याआधीपर्यंतच उरतो.

वकिलाकडे जाताना कपाटातली ती नोटीस पाकिटासकट न्या. तुम्ही सहकर्जदार असाल तर तुमच्या नावाची वेगळी नोटीस आली होती का, ते आधी पाहा. टपालखर्च वाचवायला नवरा-बायकोच्या नोटिसा एकाच पाकिटात कोंबणारे साहेब मी पाहिले आहेत.