ऑक्टोबर 2023 चे गेम आता घेताय? आधी बॉक्सची मागची बाजू वाचा

तुम्ही दोन गोष्टी विचारल्या आहेत. ऑक्टोबर 2023 मध्ये आलेल्या व्हिडिओ गेमपैकी आता भाव उतरल्यावर कोणते घ्यावेत, ही पहिली. दुसरी तुम्ही शेवटच्या ओळीत जाता जाता लिहिलीत: एका ऑनलाइन दुकानातून ‘स्पायडर-मॅन 2’चा इंपोर्टेड कलेक्टर्स एडिशन (संग्राहकांसाठीची खास आवृत्ती) बॉक्स घेतला, आतला कोड चालत नाही, आणि दुकान म्हणतंय की उघडलेला माल परत घेत नाही. मी या शेवटच्या ओळीपासून सुरुवात करतो. हाच बॉक्स आणि हेच उत्तर त्या ऑक्टोबरात माझ्या वाट्याला आलं होतं, त्यामुळे तुमची चिडचिड मला शब्दाशब्दात कळतेय.

प्लेस्टेशनचं अकाउंट कसं काढायचं, कोड कुठे टाकायचा, ओ आणि शून्य यांत गल्लत होते वगैरे तुम्हाला माहीत असणारच. ते सोडतो.

त्या बॉक्समध्ये एकोणीस इंची पुतळा येतो, दोन्ही स्पायडर-मॅन व्हेनम या खलनायकाशी झुंजताना. पुतळा खरोखर देखणा आहे, त्याबद्दल तक्रार नाही. सोबत स्टीलबुक, म्हणजे डिस्क ठेवायची धातूची पेटी, येतं. ते उघडलं की डिस्क बसवायची गोल खाच दिसते आणि ती रिकामी असते. तुमच्या बॉक्समधली डिस्क कोणी काढून घेतलेली नाही, त्या आवृत्तीत डिस्क नव्हतीच. गेम मिळतो तो छापील कागदावरच्या बारा अक्षरी कोडातून, आणि तो कोड ज्या देशासाठी काढला त्याच देशाच्या अकाउंटवर चालतो. अमेरिकेचा कोड भारतीय अकाउंटवर टाकलात की नकारच येणार.

डिस्कचं मात्र तसं नाही. पीएस5 ची (प्लेस्टेशन 5 ची) डिस्क अमेरिकेची असो, दुबईची असो, आपल्याकडच्या कन्सोलवर चालते. अडतो तो बॉक्ससोबतचा बोनस कोड किंवा नंतर विकत घेतलेला डीएलसी (गेमला जोडायचा जादा भाग), कारण तो अकाउंटच्या देशाशी बांधलेला असतो. म्हणून ‘इंपोर्टेड असला तरी बिनधास्त घ्या, रीजन-फ्री आहे’ हे दुकानदाराचं वाक्य साध्या डिस्कपुरतं खरं आणि या बॉक्सच्या बाबतीत साफ खोटं. मला ते वाक्य चॅटवर लेखी मिळालं होतं. खरेदीच्या आधी मी मुद्दाम विचारलं होतं की भारतीय अकाउंटवर चालेल ना, आणि उत्तर आलं, ‘हो सर, शंभर टक्के.’

मग त्यांची ग्राहक सेवा सुरू झाली. दुकानाचं नाव लिहीत नाही, पण ते गल्लीतलं दुकान नव्हतं, चांगलं मोठं होतं. एकाने सांगितलं की सील तुटलंय, आता काही होणार नाही. अहो, सील तोडल्याशिवाय कोड दिसत नाही आणि कोड टाकल्याशिवाय तो चालतो की नाही हे कळत नाही! दुसऱ्याने विचारलं, ‘डिस्क मऊ कापडाने पुसून पाहिली का?’ ज्या बॉक्समध्ये डिस्कच नसते तो बॉक्स विकणाऱ्यांना तेवढंही ठाऊक नव्हतं. प्रत्येक वेळी नवा माणूस, नवा तिकीट नंबर, पुन्हा पहिल्यापासून तीच कथा, आणि शेवटी ‘तुमचा अनुभव कसा होता, पाच तारे द्या’ असा मेसेज. दसरा गेला, दिवाळीचा फराळ संपला, सगळ्या जगाने तो गेम संपवून शेवटही उघड केला, आणि माझ्याकडे पुतळा तेवढा कपाटावर उभा. पैसे गेले त्याहून जास्त मला हे लागलं की खोटं बोलणाऱ्याला त्याचं काहीच वाटत नव्हतं.

आता तुमच्या कामाचं. मी वकील नाही. नियम बदलतात, त्यामुळे स्वतः एकदा खात्री करून घ्या. पण मला ज्याने फरक पडला ते सांगतो.

चॅटवर भांडणं आजच थांबवा. ई-कॉमर्सच्या 2020 च्या नियमांनुसार ऑनलाइन विक्री करणाऱ्याला तक्रार निवारण अधिकारी नेमावा लागतो आणि त्याचं नाव व संपर्क जाहीर करावा लागतो. त्याने 48 तासांत पोच द्यायची असते आणि महिन्याभरात तक्रार निकाली काढायची असते. हे नाव साइटच्या अगदी तळाशी बारीक अक्षरात असतं. त्या अधिकाऱ्याला ईमेल करा, फोन नको. ‘गेम चालत नाही’ असं लिहिलंत तर पुन्हा डिस्क पुसायला सांगतील. ‘विक्रीच्या वेळी दिलेली माहिती चुकीची होती, त्यामुळे वस्तू निरुपयोगी आहे’ असं लिहा. सोबत जाहिरातीचा स्क्रीनशॉट, बिल, आणि कोड नाकारल्याचा पडद्यावरचा फोटो जोडा. फोटोत कोडची निम्मी अक्षरं झाका, हे महत्त्वाचं. उघडा कोड कोणालाही पाठवू नका, दुकानालासुद्धा. उद्या ते म्हणतील की तुम्हीच वापरला.

त्याने हललं नाही तर 1915 हा राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा नंबर. माझ्या बाबतीत तिथे तक्रार नोंदवल्यावरच दुकानाचा सूर बदलला आणि मग अर्धेमुर्धे पैसे परत आले. सगळ्यांचं तसंच होईल असं नाही. त्याच्या पुढची पायरी जिल्हा ग्राहक आयोग. तिथे पाच लाखांपर्यंतच्या खरेदीला फी नाही आणि तुम्ही राहता त्या जिल्ह्यात तक्रार करता येते, दुकान दिल्लीचं असलं तरी. एवढ्यासाठी कोण जाणार, असं सगळे म्हणतात, आणि दुकानंही त्याच भरवशावर असतात.

आणि एक बघा. बॉक्सवर आयात करणाऱ्याचं नाव, पत्ता आणि सर्व करांसह एमआरपी असलेलं स्टिकर आहे का? आपल्याकडे आयात करून विकल्या जाणाऱ्या पॅकबंद मालावर ते असावंच लागतं. नसेल तर त्याचाही फोटो जोडा. तक्रारीला वजन येतं.

‘अमेरिकेचं वेगळं अकाउंट काढ, कोड त्यावर टाक, कन्सोल शेअरिंग चालू कर आणि आपल्या अकाउंटवरून खेळ’ असा सल्ला तुम्हाला मिळेलच. तांत्रिकदृष्ट्या ते होतं. पण जिथे राहत नाही त्या देशाचं अकाउंट काढणं प्लेस्टेशनच्या कंपनीच्या अटींत बसत नाही, आणि एकदा कोड वापरलात की पैसे परत मागायचा मुद्दाच संपतो. पैसे हवे असतील तर कोडला हात लावू नका.

हा अनुभव घेतल्यापासून त्या महिन्याकडे बघायची माझी पद्धत बदलली. कोणत्या गेमला किती गुण मिळाले हे मी नंतर बघतो. तो हातात कसा येतो, डिस्क, कार्ट्रिज, कोड, डाउनलोड की सबस्क्रिप्शन, हे आधी. त्या एका ऑक्टोबरात यातले सगळे प्रकार होते. वर्ल्ड कपचं उद्घाटन 5 तारखेला अहमदाबादला झालं, त्याच दिवशी ‘असॅसिन्स क्रीड मिराज’ आला. 19 ला भारत-बांगलादेश पुण्यात खेळले आणि दुसऱ्या दिवशी ‘स्पायडर-मॅन 2’ आणि ‘सुपर मारिओ ब्रदर्स वंडर’ एकदम बाजारात. खिशावर असा महिना क्वचित येतो.

‘स्पायडर-मॅन 2’ मात्र घ्याच, साधी डिस्क. नवी 4,999 ला होती, आता वापरलेली बरीच खाली मिळते. पीटर आणि माइल्स हे दोन्ही स्पायडर-मॅन खेळायला आहेत, ब्रुकलिन आणि क्वीन्स जोडल्यामुळे शहर मोठं झालंय, आणि जाळ्यांचे पंख पसरून नदीवरून पलीकडे तरंगत जाताना जे वाटतं त्यासाठी पैसे वसूल. पहिल्या दिवशी यात न्यू गेम प्लस (एकदा संपवल्यावर मिळवलेल्या ताकदीसह पुन्हा सुरुवातीपासून खेळायची सोय) नव्हता, तो मार्च 2024 च्या अपडेटमध्ये आला. म्हणजे आज घेणाऱ्याला आमच्यापेक्षा पुरा गेम मिळतो. पीसीवर तो जानेवारी 2025 मध्ये आला.

‘मारिओ वंडर’बद्दल मी पक्षपाती आहे. त्या महिन्यातला सर्वांत आनंदी गेम तोच. सुरुवातीच्याच एका लेव्हलमध्ये वंडर फ्लॉवर हे जादूचं फूल उचललं की हिरव्या पाइपांतली पिरान्हा प्लांट, म्हणजे एरवी चावणारी झाडं, बाहेर येऊन गायला लागतात आणि रांगेने चालत सुटतात. आपण त्यांच्या मधून उड्या मारत पुढे. पाच वर्षांचं पोर असो की आजोबा, बघणाऱ्याच्या चेहऱ्यावर हसू येतंच. निंटेंडोचा माल तेव्हा आपल्याकडे अधिकृतपणे येत नव्हता, सगळा ग्रे मार्केटचा, पण त्यांच्या स्विच कन्सोलचं कार्ट्रिज कुठल्याही देशाचं चालतं, म्हणून इथे इंपोर्टेडची भीती नाही. भीती आहे ती नकली कार्ट्रिजची. भाव मात्र फारसा पडत नाही. उलट बाजू अशी की खेळून झाल्यावर विकलंत तर पैसेही बरे येतात.

‘अॅलन वेक 2’, 27 ऑक्टोबर. माझ्या मते त्या महिन्यातलं सर्वांत धाडसी काम. एफबीआयची सागा अँडरसन तिच्या मनातल्या खोलीत पुराव्यांचे फोटो भिंतीवर लावून, लाल दोऱ्यांनी जोडत बसते, आणि मधेच एक अख्खं प्रकरण रॉक संगीतिका होऊन जातं. द गेम अवॉर्ड्समध्ये दिग्दर्शन, कथन आणि कला दिग्दर्शनाचे पुरस्कार याला मिळाले. पण हा आला तेव्हा डिस्कच नव्हती, फक्त डाउनलोड. डिस्क वर्षभराने, ऑक्टोबर 2024 मध्ये, डिलक्स आवृत्तीत आली. कन्सोल असेल तर तीच शोधा. पीसीवर फक्त एपिकच्या स्टोअरवर मिळतो आणि किमान आरटीएक्स 2060 हे ग्राफिक्स कार्ड मागतो. जीटीएक्स 1060, 1070 अशी जुनी कार्डं असणाऱ्यांची सुरुवातीला वाताहत झाली होती, कारण त्या कार्डांत मेश शेडर या नव्या तंत्राची सोयच नाही. नंतरच्या अपडेटने थोडं सुधारलं, पण जुन्या कार्डावर पैसे लावू नका. एपिकवर 14 दिवसांच्या आत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळला असेल तर परतावा मिळतो, स्टीम या पीसीच्या दुसऱ्या स्टोअरचंही तसंच. प्लेस्टेशन स्टोअरवर मात्र डाउनलोड सुरू केलंत की ती वाट बहुतेक बंद. हे कितीतरी जणांना माहीत नसतं.

‘सिटीज: स्कायलाइन्स 2’ ऐन दसऱ्याला आला. शहर वसवायचा नाद असेल तर माझ्याइतका उत्साह तुम्हालाही असेल, पण जरा थांबा. गेम अपेक्षेइतका सुरळीत चालत नाही हे विकासकांनीच आधी कबूल केलं होतं. लांबून ठिपक्याएवढ्या दिसणाऱ्या नागरिकांचेही तपशीलवार मॉडेल ग्राफिक्स कार्ड चितारत बसायचं, दातांसकट. आता बराच सुधारलाय. तरी विकत घेण्याआधी पीसी गेम पास या वर्गणीच्या सेवेवर असेल तर महिनाभर तिथे चालवून बघा, तुमच्या मशीनवर लोकवस्ती वाढली की काय होतं ते कळेल.

‘फोर्झा मोटरस्पोर्ट’ रेसिंगच्या शौकिनांसाठी ठीक. एकट्याने करिअर खेळायलाही इंटरनेट लागणं मला अजिबात पटलेलं नाही, आमच्याकडे पावसाळ्यात लाइन गेली की गाडीही गेली. ‘मिराज’ छोटा, नवव्या शतकातल्या बगदादचा, छतांवरून धावत, गर्दीत मिसळत जाणारा. जुन्या असॅसिन्स क्रीडची आठवण येत असेल तर सेलमध्ये उचला. ‘लॉर्ड्स ऑफ द फॉलन’ मी अर्ध्यावर सोडला, त्यामुळे मत देत नाही.

आणि ज्याच्याबद्दल फारसं कोणी बोललं नाही तो ‘जुसाँ’, महिन्याच्या शेवटच्या दिवशी आला. एक प्रचंड सुळका, पाणी आटलेलं जग, आणि आपण फक्त चढत जायचं. डावा ट्रिगर म्हणजे डावा हात, उजवा म्हणजे उजवा, एक सोडायच्या आधी दुसरा पकडायचा. मारामारी नाही, मरणं नाही. सह्याद्रीत दोर लावून चढलेल्या कोणाला खेळायला द्या, काही न शिकवता दोन मिनिटांत जमेल. छोटा आहे, स्वस्त आहे, एका शनिवार-रविवारात संपतो.

माझा क्रम विचारलात तर: आधी ‘स्पायडर-मॅन’ची वापरलेली डिस्क, मग ‘अॅलन वेक’ची डिलक्स डिस्क, घरात स्विच असेल तर ‘मारिओ’ दोन्हींच्या आधी. डिस्क किंवा कार्ट्रिज घेताना दुकानातच लावून दाखवायला सांगा, टाळाटाळ केली तर उठून या. आणि त्या तक्रारीच्या ईमेलचा मसुदा तयार झाला की नाव, नंबर, कोड काढून इथे टाका. मी बघून देतो, इथले आणखी दोघे-तिघेही या प्रकारातून गेलेले आहेत.