कोडाईकॅनालच्या प्लेटा

चि. मुलीस,
अनेक आशीर्वाद.

बंगळूरच्या इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ अ‍ॅस्ट्रोफिजिक्समध्ये पीएचडीला तुझी निवड झाली, फार बरं वाटलं. 'काम नव्या दुर्बिणीवरच करायचं' असं लिहिलं आहेस. ते पक्कं करण्याआधी एकदा कोडाईकॅनालला जाऊन ये.

या संस्थेचं मूळ मद्रासच्या वेधशाळेत आहे. ईस्ट इंडिया कंपनीने ती १७९२ मध्ये बांधली, जहाजांसाठी आणि नकाशांसाठी. कोडाईकॅनालची वेधशाळा मात्र दुष्काळातून उभी राहिली. १८७६-७८ मध्ये दक्षिणेत माणसं अन्नावाचून मेली, आणि सूर्यावरच्या डागांचा पावसाशी काही संबंध आहे का, हा प्रश्न ऐरणीवर आला. १८९९ मध्ये पळणीच्या डोंगरात काम सुरू झालं.

तिथे १९०४ पासून, आभाळ मोकळं असेल त्या दिवशी सूर्याचा फोटो घेत आले आहेत. जुने फोटो काचेच्या प्लेटांवर आहेत. त्यातली एक कडेने धरून उजेडासमोर ने. काळा डाग दिसेल, भोवती फिकट झालर. मग दुसऱ्या दिवशीची प्लेट शेजारी धर: डाग थोडा सरकलेला असतो. सूर्य स्वतःभोवती फिरतो हे मला पुस्तकातून ठाऊक होतं. पटलं ते तिथे. त्या झालरीतून वायू बाहेरच्या बाजूला वाहतो, हे जॉन एव्हरशेड यांनी १९०९ मध्ये याच ठिकाणी वर्णपटातल्या रेषांवरून ओळखलं.

पुढे खगोलशास्त्रज्ञ वेणू बाप्पूंनी तमिळनाडूत कावलूरची वेधशाळा उभी केली, १९७१ मध्ये संस्था स्वायत्त झाली. लडाखमध्ये हानलेला साडेचार हजार मीटरवर दोन मीटरची दुर्बीण आहे. ती होसकोटेहून चालवतात. आदित्य-एल१ या सूर्याचा अभ्यास करणाऱ्या भारतीय यानावरचा, सूर्याभोवतीचं प्रभामंडळ पाहणारा कोरोनाग्राफही याच संस्थेने बनवला. तुला या नव्या दुर्बिणींकडे जायचं आहे, जरूर जा.

पण सूर्यावरचे डाग वाढण्या-कमी होण्याचं एक चक्र सुमारे अकरा वर्षांचं. तुझ्या उभ्या कारकिर्दीत तीन-चार बघशील. कोडाईकॅनालच्या फोटोंत दहाहून जास्त आहेत. आदित्यला आज जे दिसतं ते नेहमीचं की वेगळं, हे कशावरून ठरवणार?

प्लेटा स्कॅन झालेल्या आहेत, त्यामुळे संगणकावरच भागेल असं वाटेल. तरी मूळ प्लेट बघच. कुठे ढग आडवा आला, कुठे प्लेटच फिकी पडली, हे आधी डोळ्याला कळू दे, मग आकडेमोड कर.

कोणत्या वर्षाच्या प्लेटा काढल्यास ते कळव.

तुझा,
काका